जाऊ लागते

नर्मदाबाईंनी कोर्टात एकच उत्तर खणखणीत आवाजात दिलं आणि त्याच उत्तरानं खटला बुडाला. बाकीची सगळी उत्तरं त्यांनी अडखळत, पदर सावरत, निम्मी गिळत दिली होती. त्यांतलं एकही चुकलं नव्हतं. पण शेवटच्या प्रश्नाला त्यांना वाटलं, आता हे तर आपल्याला पक्कं येतं, आणि त्यांनी मान ताठ करून सांगून टाकलं.

प्रकरण होतं गिरणीचं. जवळा बाजारापासून दोन कोसांवरच्या लोणवाडीत पिठाची गिरणी एकच होती, संतराम शेळक्याची. तिचं दळण जाडंभरडं यायचं, आणि संतरामच्या मनात असेल तेव्हाच ती चालायची. बायका दळणाचे डबे ठेवून दोन-दोन दिवस चकरा मारायच्या. मग रत्नपाल गायकवाड आणि त्याची बायको करुणा यांनी बुद्धविहाराच्या पलीकडं, घराला लागून पत्र्याचं शेड टाकलं आणि नवी गिरणी बसवली. करुणा स्वतः दळायला उभी राहायची. तिची ज्वारी अशी बारीक यायची की भाकरीला चीर म्हणून पडत नसे. आधी तिच्याच वस्तीतल्या बायका आल्या. नंतर एक-दोघी गावातून आल्या, चोरून. मग चोरून यायचाही कंटाळा आला आणि सकाळी सकाळी शेडसमोर डब्यांची रांग लागायला लागली. भूक लागली की माणूस पिठाची जात विचारत बसत नाही, निदान बायका तरी विचारत नाहीत.

संतरामच्या गिरणीला पाखरू फिरकेना. एका सकाळी तो तरातरा आला आणि शेडसमोर उभा राहून करुणाला जातीवरून बोलला. काय बोलला ते इथं लिहायची गरज नाही. कोर्टाच्या कागदात ते आहे, आणि ज्यांना असलं ऐकून घ्यावं लागतं त्यांना ते वाचायचीही गरज नाही. तिच्या हातांबद्दल बोलला, पिठाबद्दल बोलला, तिच्या आईबद्दल बोलला आणि जाता जाता पिठानं भरलेला एक डबा लाथेनं उडवला. रांगेत चार बायका होत्या. त्यांतल्या एक नर्मदाबाई. त्यांचं वय तेव्हा सत्तावन्न, नवरा भागवत गायकवाड, पाच एकर हळद-सोयाबीनचं रान, जातीनं मराठा.

करुणानं ॲट्रॉसिटीची केस केली. चार वर्षांनी ती सुनावणीला आली तेव्हा चौघींपैकी तिघींनी सांगितलं, "साहेब, गिरणी चालू व्हती, आवाजात काई ऐकू न्हाई आलं." नर्मदाबाई म्हणाल्या, "गिरणी बंद व्हती. लाईट गेलती. म्हणून तर समद्या खोळंबलो व्हतो. समदं ऐकू आलं." आणि त्यांनी ते शब्द, तोंडावर पदर धरून, एकेक करून सांगितले. आरोपीच्या वकिलानं फार काही विचारलं नाही. शेवटी अगदी गोडीनं म्हणाला, "आजी, ही करुणाबाई तुमची कोण लागते हो?"

"जाऊ लागते!" नर्मदाबाई म्हणाल्या.

"बस्स," वकील म्हणाला आणि खाली बसला.

आता लोणवाडीत कोणी कोणाचं काही लागत नाही असं नसतंच. न्हावी भाऊजी लागतो, तांबोळी मामा लागतो, कुठल्याशा वाडीवरून आलेला दूधवाला आठ दिवसांत जावई लागायला लागतो. रत्नपाल लहानपणापासून भागवतरावांना दादा म्हणायचा. दादाची बायको ती वहिनी, आणि रत्नपालची बायको वहिनीची जाऊ. हिशेब सरळ होता. गावकीच्या नात्याला आजवर कोणी दाखला मागितला नव्हता. त्यात दोन्ही घरांचं आडनाव गायकवाड. गावात मराठ्यांत गायकवाड आहेत, बौद्धांत गायकवाड आहेत, आणि कोण कुठले हे गावाला आडनावावरून ओळखावं लागत नाही. पण न्यायाधीश दूरच्या मुलखातले. माणूस सरळ, पण समोर आहे तेवढंच बघणारा. त्यांनी दोन गायकवाड बघितल्या, जाऊ हा शब्द ऐकला आणि लिहून घेतला. सरकारी वकिलाच्या हातात फाइल त्याच सकाळी पडली होती. तोही काही बोलला नाही.

निकालात आलं की एकच साक्षीदार फिर्यादीच्या बाजूनं बोलली, आणि ती तिची जवळची नातेवाईक निघाली. तिच्यावर विश्वास ठेवता येत नाही. संतराम निर्दोष सुटला. त्यानं पेढे वाटले, आणि वाटायला नेमका गिरणीसमोरचाच रस्ता निवडला.

रत्नपालनं तो कागद नर्मदाबाईंना वाचून दाखवला तेव्हा त्यांनी पुन्हा वाचायला सांगितला. विश्वास ठेवता येत नाही. म्हणजे त्या खोटं बोलल्या असं सरकारच्या शिक्क्यानिशी लिहिलं गेलं होतं. त्या साक्षीसाठी त्यांना किती सोसावं लागलं होतं ते त्यांनाच माहीत. गावातली निम्मी घरं त्यांच्याशी बोलायची बंद झाली होती, आणि एकादशीला नरसीला नामदेवाच्या दर्शनाला निघालेल्या बायका त्यांना हाक न मारता परस्पर जीप भरून निघून जात. त्यांनी एसटीनं एकट्यानं जायची सवय लावून घेतली होती. ते सगळं चाललं असतं. पण आपल्याच एका शब्दानं करुणा हरली, हे काही चालेना. करुणा त्यांना कधी एका अक्षरानं बोलली नाही. पूर्वीसारखाच त्यांचा डबा घ्यायची, दळायची, पीठ हातानं चाचपून बघायची आणि परत द्यायची. त्यापेक्षा तिनं चार शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं, असं नर्मदाबाईंना वाटे. आता जीव जायच्या आत तो कागद बदलला पाहिजे, एवढी एकच गोष्ट त्यांच्या डोक्यात राहिली.

करुणानं वरच्या कोर्टात अपील केलं. वकील मिळाली आफिफा, जवळा बाजारच्या अन्सारभाई कापडवाल्याची मुलगी, संभाजीनगरला हायकोर्टात वकिली करायची. वय तिशीच्या आत, बोलणं भराभर. एका दुपारी ती स्कूटीवरून गिरणीवर आली. नर्मदाबाईंना निरोप धाडून बोलावून घेतलं. गव्हाच्या पोत्यावर बसून, नर्मदाबाईंना खाला, म्हणजे मावशी म्हणत, तिनं सगळं समजावून सांगितलं.

"खाला, सगळी केस तुमच्या एका शब्दावर पडली. आपल्याला कोर्टाला सांगायचं, की ते नातं नुसतं बोलायचं होतं. मी प्रतिज्ञापत्र करून आणलंय, तुम्ही सही करा. बाकी मी बघते."

"वाच."

आफिफानं वाचलं. "मी शपथेवर लिहून देते की, करुणा रत्नपाल गायकवाड ही माझी कोणीही लागत नाही."

"कोनीच न्हाई?"

"कोणीच नाही."

नर्मदाबाईंनी पेन खाली ठेवलं. "मी न्हाई करणार सही."

"काहून, खाला?"

"वीस वर्सं झाली हिला जाऊ म्हणून राहिले. आन् आता कागदावर लिहून देऊ, कोनी न्हाई लागत म्हणून? उद्या गाव म्हणंल, नर्मदीनं केस जिंकाया नातं इकलं. तू दुसरं काई लिही. मी जीव देते, पर हे न्हाई."

त्यांना खरंच तसं वाटत होतं, आणि थोडा अभिमानही वाटत होता. इतक्या लोकांत आपण एवढं नातं मानलं, आता ते टाकणार नाही. आफिफा कपाळाला हात लावून बसली. तारखेला पंधरा दिवस राहिले होते.

करुणानं गिरणीचं बटण बंद केलं. पट्टा फिरता फिरता थांबला. तिच्या भुवयांवर पीठ बसलं होतं. तिनं ते मनगटानं पुसलं आणि ती पुढं आली.

"नर्मदाबाई, एक इचारू? राग नका मानू."

"इचार की."

"वीस वर्सं जाऊ म्हणून राहिलात. माह्या घरात कधी घोटभर पाणी पिलात का?"

या शेडमध्ये लाईट जाई तेव्हा करुणा सगळ्यांना चहा विचारायची. सगळ्या म्हणत, आत्ताच झालाय. नर्मदाबाईही म्हणत, आत्ताच पिऊन आले. दर वेळी आत्ताच. आणि करुणा त्यांच्या घरी निरोप सांगायला येई तेव्हा तिला चहा मिळे, नाही असं नाही; पण तो कप न्हाणीपाशी वेगळा ठेवलेला असे, आणि तो विसळून पालथा करून करुणाच निघून जाई. दोघींनाही ते माहीत होतं. आजवर कोणी ते बोललं नव्हतं.

"तुमी वाईट असं मी म्हणत न्हाई," करुणा म्हणाली. "चौघीत तुमीच उभ्या राहिलात. ते मी मरेस्तोवर इसरणार न्हाई. पर ह्या कागदात लिहिलंय त्यात खोटं काय हाय? करा सही."

नर्मदाबाईंना फार लागलं. खोटं असतं तर इतकं लागलं नसतं. त्यांना करुणाचा राग आला, मग स्वतःचा आला, मग तो राग कुठं तरी काढावा असं वाटलं आणि समोर दुसरं कोणी नव्हतं, तेव्हा त्या आफिफावर उखडल्या.

"आण तो कागद. न्हाई लागत तर न्हाई लागत, लिही. आन् त्याच्याखाली हेबी लिही, की मला लागतो तर त्यो संतराम लागतो! सख्खा चुलत भाऊ!"

"कोण?" आफिफा म्हणाली.

"संतराम. ज्यानं शिव्या दिल्या त्यो. माह्या सख्ख्या चुलत्याचा लेक. मी शेळक्याचीच पोर, गावातल्या गावात दिली मला."

आफिफा पोत्यावरून उठून उभी राहिली. "म्हणजे तुम्ही आरोपीच्या बहीण? खाला, हे तुम्ही तेव्हा कोर्टात काहून नाही सांगितलं?"

"कोनी इचारलं व्हय?"

कोणी विचारलं नव्हतं, हेच खरं. लोणवाडीतल्या शेंबड्या पोरालाही ते माहीत होतं, आणि म्हणूनच कोणी कोणाला सांगितलं नव्हतं. करुणाला वाटलं, वकिलाला माहीत असेल. रत्नपालला वाटलं, पोलिसांनी लिहून घेतलं असेल. ज्याला ते नक्की माहीत होतं तो संतरामचा वकील, आणि त्यानं तेवढं सोडून बाकीचं विचारलं होतं. जिला फिर्यादीची नातेवाईक म्हणून खोटी ठरवली, ती आरोपीच्या घरची लेक होती.

"या अल्ला," आफिफा म्हणाली आणि हसायला लागली. हसता हसता तिनं तो कागद टरकावला आणि पोत्यावर वही ठेवून नवा लिहायला घेतला. नर्मदाबाईंनी माहेरच्या आडनावासकट सही केली. शाळेत चौथीपर्यंत गेल्या होत्या, दाखल्यावर जात होती, वडलांचं नाव होतं. तो दाखलाही रत्नपालनं जिल्हा परिषदेच्या शाळेतून काढून आणला.

वरच्या कोर्टानं कागद बघितले आणि फाइल खाली पाठवली, की या साक्षीदाराला नात्यापुरतं पुन्हा विचारा. त्यात दहा महिने गेले. तारखेच्या आदल्या दिवशी संतराम नर्मदाबाईंच्या ओसरीवर येऊन बसला. सहा वर्षांत पहिल्यांदाच. केस पांढरे झाले होते.

"आक्का, आठवत न्हाई म्हण. येवढंच म्हण. माह्या पोरीचं लगीन हाय यंदा. तू माही भईन हायेस का त्या बाईची जाऊ?"

आत भागवतराव खोकले. त्यांना भांडणाची चाहूल लागली की खोकला येई. "अगं, पाव्हण्याला चहा टाक," ते आतूनच म्हणाले.

नर्मदाबाईंनी चहा टाकला. संतरामला दिला. तो पिऊन होईपर्यंत समोर बसल्या. मग म्हणाल्या, "भईन हाय म्हणूनच सांगते. तू तवाच तिची माफी मागितली असती तर आज ह्या ओसरीवर यावं लागलं नसतं. आजबी तिचं घर कुठं लांब हाय?"

संतराम उठून गेला. करुणाच्या घराकडं गेला नाही.

दुसऱ्या दिवशी कोर्टात न्यायाधीश नवे होते, बाई होत्या. आफिफा खास आली होती. नातं विचारलं गेलं. नर्मदाबाईंनी सांगितलं, करुणा रक्तामांसाची कोणी नाही, जातीनंही वेगळी. आणि संतराम चुलत भाऊ. आरोपीच्या जुन्याच वकिलानं या वेळी वेगळाच सूर लावला.

"म्हणजे आजी, भावाशी तुमचं वैर आहे. म्हणून त्याच्याविरुद्ध बोलताय."

"वैर कशाचं, साहेब? आठ महिन्याचा असताना त्याची माय गेली. ह्या कडंवर खेळवलाय त्याला मी. अंधारात आवाज दिला तरी वळखते. त्या दिशी तर सकाळ व्हती, आन् गिरणी बंद व्हती." त्यांनी एकदा संतरामकडं बघितलं. "त्यानं ते शब्द म्हणले न्हाईत, असं मला म्हणता आलं असतं तर मी कवाच म्हणले असते."

वकिलानं फाइल मिटली. पलीकडं संतराम खाली बघत होता. नर्मदाबाईंना त्याची दया आली, आणि दया आली तरी जे सांगितलं ते बरोबर सांगितलं असंही वाटलं. बाहेर येऊन त्या उसाचा रस प्यायल्या, एकाला दोन ग्लास.

ती साक्ष पुन्हा हायकोर्टात गेली आणि निकाल लागला तो हळद काढणीच्या दिवसांत. आफिफाचा फोन आला तेव्हा शेडसमोर सात-आठ बायका होत्या, त्यांत नर्मदाबाईही. खालचा निकाल रद्द झाला. संतराम दोषी ठरला, सहा महिन्यांची शिक्षा आणि दंड. रत्नपालनं आफिफानं पाठवलेला कागद मोबाइलवर उघडला आणि इंग्रजीतून मराठी करत, अडखळत वाचायला सुरुवात केली. साक्षीदार फिर्यादीची कोणीही नाही. उलट ती आरोपीची बहीण आहे. सख्ख्या घरातल्या माणसाविरुद्ध खोटं बोलण्याचं तिला काहीच कारण नाही. तिची साक्ष पूर्णपणे विश्वासार्ह आहे.

"काय म्हणलं? पूर्णपणे काय?" नर्मदाबाईंनी विचारलं.

"विश्वासार्ह."

"आजून एक डाव म्हण."

रत्नपालनं तीन वेळा म्हटलं. ज्या तिघींना गिरणीच्या आवाजात ऐकू आलं नव्हतं, त्यांतली एक रांगेत होती. ती हळूच म्हणाली, "ऐकू तर आमालाबी आलं व्हतं." त्यावर बाकीच्या बायकांनी तिची अशी काही फिरकी घेतली की तिनं दळण न घेताच पळ काढला. करुणा गिरणीच्या खांबाला टेकून उभी होती आणि हसत होती, आणि पिठाळलेल्या गालांवरून तिच्या डोळ्यांचं पाणी खाली येत होतं. ते पुसायचं तिला भान नव्हतं.

नर्मदाबाई घरी आल्या. त्यांना आनंद झाला होता, पोटभर झाला होता. संतरामच्या पोरीसाठी जीव तुटत होता, तेही होतं. पण रात्रभर एक वाक्य काही जाईना. फिर्यादीची कोणीही नाही. हायकोर्टानं लिहून दिलेलं. आता ते कोणी बदलू शकत नाही.

दुसऱ्या दिवशी दुपारी त्या डबा न घेताच निघाल्या. शेडच्या समोरून न जाता बाजूच्या बोळातून वळल्या आणि करुणाच्या घराच्या दारात उभ्या राहिल्या. चुलीवर तवा होता. करुणा परातीत पीठ मळत होती.

"लाईट हाय," करुणा म्हणाली. "दळण असंल तर ह्यायला सांगा, दळून देतील."

"दळण न्हाई आणलं." नर्मदाबाईंनी चपला काढल्या आणि उंबरा ओलांडून आत आल्या. "कोर्ट म्हणतं, आपलं काई नातं न्हाई."

"व्हय. तुमीच सही केली."

"म्हणूनच आले. व्हतं म्हणून म्हणायचे, ते काई खरं नव्हतं. आता लावावं म्हणते. जेवाया वाढ मला."

करुणानं त्यांच्याकडं नीट बघितलं. तिला घाई नव्हती. वीस वर्षं कोणी थांबलं होतं, तर आता नर्मदाबाईंनीही थोडं थांबायला हरकत नव्हती.

"वाढायचं तर पाव्हणीला वाढते मी," ती म्हणाली. "जाऊला न्हाई."

"म्हंजी?"

"जाऊ म्हंजी काय आयतं खायाला येती व्हय? तिकडं पाणी हाय, हात धुवा. मी थापते, तुमी भाजा."

नर्मदाबाईंनी रांजणातून तांब्या भरून घेतला. आधी उभ्या उभ्या त्यातलं पाणी प्यायल्या, मग उरलेल्यानं हात धुतले आणि पदर खोचून चुलीपाशी बसल्या. पहिलीच भाकरी बोलता बोलता करपली, आणि करुणानं कसलीही भीड न ठेवता त्यांना त्याबद्दल चांगलं सुनावलं.